बोरिवली नावाची मुलगी

१९८४ साली आलेल्या ‘स्प्लॅश’ या अमेरिकी सिनेमात एक अगदी किरकोळ प्रसंग आहे. समुद्रातून बाहेर आलेली जलपरी न्यूयॉर्कच्या रस्त्यावरून आपल्या मित्राबरोबर चालली आहे. तिचं खरं नाव माणसाच्या कानाला सोसणारं नाही. ती ते उच्चारते तेव्हा दुकानातल्या टीव्हीच्या काचा तडकतात. मग माणसांत चालेल असं एखादं नाव शोधायचं ठरतं. तो ओळखीची बायकी नावं एकेक करून सांगत राहतो आणि बोलता बोलता, आपण आलो तरी कुठं म्हणून, रस्त्याची पाटी वाचतो: मॅडिसन. तिला तेच आवडतं. तो म्हणतो, अगं, हे काही नाव नव्हे. आणि मग, बरं, असू दे, म्हणून विषय सोडून देतो. विनोद सगळा एवढ्यावर उभा आहे की मॅडिसन नावाची बाई जगात असूच शकत नाही. पुढच्याच वर्षी, १९८५ मध्ये, अमेरिकेत नवजात मुलींच्या पहिल्या हजार नावांत मॅडिसन दाखल झालं आणि २००१ साली ते दुसऱ्या क्रमांकावर होतं. त्या एका वर्षात वीस हजारांवर मॅडिसन जन्मल्या. त्यातली एखादी आज तो सिनेमा बघायला बसली तर त्या जागी हसायचं काय आहे, हेच तिला कळायचं नाही.

विनोद शिळा झाला ते समजण्यासारखं आहे. ‘हे काही नाव नव्हे’ हे वाक्य मात्र रुतून बसतं. काय असलं म्हणजे नाव ‘नाव’ होतं? मॅडिसन हे आडनाव. अमेरिकेचे चौथे अध्यक्ष जेम्स मॅडिसन, त्यांच्यावरून चौकाचं नाव, चौकावरून रस्त्याचं, आणि रस्त्यावरून या बाईंचं. आडनावाचं मूळ खणत गेलं तर निघतं ‘मॅडीचा मुलगा’, आणि मॅडी हे मॉड या जुन्या बायकी नावाचं लाडाचं रूप. कुणा मध्ययुगीन मॉडबाईच्या पोराला लोक आईच्या नावावरून ओळखत असणार. म्हणजे हौसेनं ठेवलेल्या या मुलीच्या नावाचा सरळ अर्थ आहे ‘मॉडचा मुलगा’. हे त्या वीस हजार आयांपैकी किती जणींच्या ध्यानात आलं असेल? आणि आलं असतं तरी काय बिघडलं असतं म्हणा! अर्थ बघून नाव ठेवायची सवय आपली. इंग्रजी नावांत अर्थ असतो, पण तो तळघरात.

आडनावाचं मुलीचं नाव करायच्या या हौसेत ‘ली’ने संपणाऱ्या नावांची रांग सगळ्यात लांब. शर्ली, अ‍ॅश्ली, हेली, हॅडली, किंबर्ली, आणि अलीकडे एव्हर्ली. ही सगळी आधी आडनावं होती आणि त्याच्याही आधी गावं. जुन्या इंग्रजीत ‘लेआह’ असा शब्द होता. सुरुवातीला त्याचा अर्थ नुसतं रान, मग झाडं तोडून रानात केलेली मोकळी जागा, आणि पुढं पुढं गुरं चारायचं कुरण. अ‍ॅश नावाच्या झाडांमधली अशी जागा ती अ‍ॅश्ली. जिथं वैरणीचं गवत कापत ती हेली. हीदरची झुडपं माजलेली ती हॅडली. शर्लीतलं ‘शर’ म्हणजे लख्ख, उजेडाचं. एव्हर्ली ऐकून नव्या आईबापांना ‘एव्हर’, म्हणजे सदासर्वकाळ, असं काहीतरी गोड ऐकू येतं. मुळातला शब्द आहे ‘एओफर’, रानडुक्कर. रानडुकरांचा माळ. गुलाबी कार्डावर सोनेरी अक्षरांत छापलेला.

या ‘लेआह’ची आपल्याशी एक सोयरीक आहे, आणि ती फार सुंदर आहे. भाषांच्या वंशावळीत हा शब्द आणि संस्कृतातला ‘लोक’ एकाच मुळाचे. ते मूळ उजेडाचं. दाट झाडीत जिथं ऊन खाली उतरतं ती मोकळी जागा. तिकडं तिचं कुरण झालं, इकडं ती वाढत वाढत स्वर्गलोक, मृत्युलोक, त्रैलोक्य अशी अफाट झाली, आणि शेवटी ‘लोक काय म्हणतील’मधले लोक झाली. पण अ‍ॅश्लीचं मराठी करायचं तर इतकं वर जायला नको. आपल्याकडंही झाडावरून गाव आणि गावावरून माणूस ओळखायची रीत आहेच. चिंचांची ती चिंचोली, बोरींची ती बोरिवली. ‘पल्ली’ म्हणजे वस्ती, ती झिजून ‘वली’ झाली, ‘ओली’ झाली. कांदिवली, डोंबिवली, कणकवली ही त्याच गोतावळ्यातली. अ‍ॅश झाडाच्या जागी बोर ठेवा, अ‍ॅश्लीची बोरिवली झाली. आता डोळ्यांसमोर आणा: पाळणा फुलांनी सजलाय, घुगऱ्या शिजल्यात, ‘गोविंद घ्या, गोपाळ घ्या’ करत बाळ पाळण्याखालून इकडून तिकडं गेलंय, आत्याच्या पाठीत बुक्के बसतायत आणि ती बाळाच्या कानाशी वाकून कुर्रर्र करत सांगते: बोरिवली.

हसू येतं. तिकडं मात्र नेमकं हेच होतं आणि कुणी हसत नाही.

याचं एक कारण व्याकरणात आहे, असं मला वाटतं. मराठीत आडनाव गप्प बसत नाही, बाईला लागलं की वळतं. जोशाची बायको जोशीण, पाटलाची पाटलीण, कुलकर्ण्याची कुलकर्णीण. आडनाव आधी घराचं, मग बाईचं, हे प्रत्ययच सांगून टाकतो. इंग्रजी आडनावाला लिंग नाही आणि त्याचा मूळ अर्थही कुणाला ऐकू येत नाही. हार्पर म्हणताना वीणेसारखं वाद्य वाजवणारा दिसत नाही, टेलर म्हणताना मशीनवर वाकलेला शिंपी दिसत नाही. आपल्याकडं पारशांनी कॉन्ट्रॅक्टर आणि इंजिनीअर ही आडनावं घेतली, भारताच्या क्रिकेट संघात दोन्ही खेळलीही, पण कुणी मुलीचं नाव कॉन्ट्रॅक्टर ठेवल्याचं काही ऐकिवात नाही. त्या शब्दाला अजून सिमेंटचा वास आहे. टेलरचा वास जायला पाचसहाशे वर्षं लागली.

आता शर्लीकडं. ‘मुलीला आडनाव’ हा प्रकार ज्या कादंबरीनं घरोघर नेला ती शार्लट ब्राँटीची १८४९ सालची ‘शर्ली’. यॉर्कशरच्या गिरण्या, यंत्रं फोडणारे कामगार, आणि मध्ये स्वतःच्या जमिनीची मालकीण असलेली एक तरुणी. तिचं नाव असं का, ते लेखिकेनं एका वाक्यात सांगून टाकलंय. आईबापांना मुलगा हवा होता. लग्नानंतर आठ वर्षांनी देवानं दिली ती मुलगी. मग मुलाला जे घराण्याचं पुरुषी नाव दिलं असतं तेच त्यांनी तिला दिलं. तेव्हाच्या वाचकाला बाईचं नाव शर्ली हे दचकवणारं होतं. कादंबरीतली शर्लीही त्या नावाला साजेशी वागते, स्वतःला ‘कॅप्टन’ म्हणवून घेते. मुलग्यासाठी राखून ठेवलेलं नाव, त्याच्याबरोबर आलेली जमीन आणि जमिनीबरोबर आलेला ताठा.

हे वाचताना साताऱ्याची आठवण टाळता येत नाही. तिथंही मुलगाच हवा होता. दुसरी, तिसरी मुलगी झाली की तिचं नाव नकोशी ठेवायचं, नाहीतर नकुशा, म्हणजे पुढच्या खेपेला देवाला समजेल. शाळेच्या हजेरीपटावर, रेशनकार्डावर, नकोशी. ऑक्टोबर २०११ मध्ये जिल्ह्यात अशा २८५ मुलींना समारंभानं नवी नावं दिली गेली, हातात नव्या नावाची प्रमाणपत्रं घेतलेल्या त्या पोरींचे फोटो तेव्हा जगभर छापून आले. कुणी ऐश्वर्या झाली, कुणी वैशाली. शर्ली आणि नकोशी या एकाच हळहळीच्या दोन लेकी. एकीला बापानं मुलाचं नाव तरी दिलं. कारण तिथं द्यायला जमीन होती.

मग शर्लीचं पुढं काय झालं? पुढं १९३० चं दशक आलं, शर्ली टेंपल नावाची गालाला खळ्या पडणारी, डोकंभर कुरळ्या बटा मिरवणारी चिमुरडी पडद्यावर नाचू-गाऊ लागली आणि १९३५ साली शर्ली हे अमेरिकेत मुलींचं दुसऱ्या क्रमांकाचं नाव झालं. कॅप्टन शर्लीचा ताठा गेला, झालरीचा फ्रॉक आला. शर्ली नावाचा पुरुष म्हटलं तर आता इंग्रज माणूसही दोनदा विचारतो.

मुलींनी घेतलं की मुलं सोडतात.

या दारातून आत जाता येतं, परत येता येत नाही. बेव्हर्ली निकल्स हे इंग्रज लेखक गृहस्थ होते. आज बेव्हर्ली म्हटलं की साठी ओलांडलेल्या बाईच डोळ्यांपुढं येतात. एव्हलिन वॉ हाही पुरुष, आणि १९२८ साली त्यानं ज्या बाईशी लग्न केलं तिचंही नाव एव्हलिनच. मित्रमंडळी त्यांना ‘तो-एव्हलिन’ आणि ‘ती-एव्हलिन’ म्हणत. संसार काही टिकला नाही. नाव मात्र शेवटी ‘ती’च्याच वाट्याला गेलं. अ‍ॅश्लीचा प्रवास तर आपल्या डोळ्यांदेखत झाला. ऑस्ट्रेलियाचा ऑफस्पिनर अ‍ॅश्ली मॅलेट, इंग्लंडचा डावखुरा फिरकीपटू अ‍ॅश्ली जाइल्स, दोघे दाढीमिशीवाले बाप्ये. इकडं १९९१ आणि १९९२ या दोन्ही वर्षी अमेरिकेत मुलींचं पहिल्या क्रमांकाचं नाव अ‍ॅश्ली. आता ऑस्ट्रेलियाची अ‍ॅश्ली गार्डनर ऑफस्पिन टाकते, फक्त स्पेलिंगच्या शेपटीला ‘एल-ई-आय-जी-एच’ अशी झालर लावून. आणि वसई, वांद्रे, मडगाव इथं जा. तिथल्या ख्रिस्ती घरांत अ‍ॅश्ली आजही बहुतेक वेळा मुलगाच असतो, फुटबॉल खेळून चिखलानं माखून येणारा. शर्ली ही मावशी असते, आणि लेस्ली हे काका. हॉकीत तीन सुवर्णपदकं आणि एक रौप्य मिळवणारे आपले लेस्ली क्लॉडियसही बाप्येच. अमेरिकेत उडालेला नावांचा हा गोंधळ इथं पोचलाच नाही, किंवा पोचला तेव्हा लोकांनी फारशी दाद दिली नाही.

यात एक मौज आहे आणि थोडी चीडही येते. आडनावासारखं नाव का हवं, असं तिथल्या आईला विचारलं तर उत्तर साधारण असं येतं: फार नाजूक नको, पुढं नोकरीच्या अर्जावर शोभेल असं हवं, दारावरच्या पाटीवर भारदस्त दिसेल असं. म्हणजे पुरुषाच्या नावाची कडक खळ तिला मुलीच्या नावाला हवी असते. पण खळ ती खळ. नव्या साडीची पहिल्या चार धुण्यांत जाते, नावाची एका पिढीत. दहा हजार मुलींनी घातलं की नाव मऊ पडतं, मग मुलांचे आईबाप ते टाळतात, मग ते आणखी मऊ पडतं, आणि मग पुढच्या पिढीतल्या आया नवं कडक आडनाव शोधायला निघतात. शर्ली मऊ पडलं, किंबर्ली आलं. ते मऊ पडलं, अ‍ॅश्ली आणि कोर्टनी आलं. (वेस्ट इंडीजचा कोर्टनी वॉल्श हे वाचून काय म्हणेल कोण जाणे.) मग मॅडिसन, मग हार्पर. नाव मऊ पडण्यात दोष नावाचा नसतो. मुलींच्या अंगावर पडलं म्हणून ते हलकं झालं असं मानणाऱ्यांचा असतो.

किंबर्लीची गोष्ट वेगळी सांगायलाच हवी, कारण तिच्यात एक पूर्ण चक्कर आहे. इंग्लंडात नॉरफकमध्ये किंबर्ली नावाचं छोटं गाव. नावाची फोड: किनेबर्ग नावाच्या बाईची रानातली मोकळी जागा. बाई कोण, कुठली, काही माहीत नाही, पण हजार वर्षांपूर्वी एका रानाला तिचं नाव होतं. त्या गावावरून एका उमरावाची पदवी झाली, अर्ल ऑफ किंबर्ली. हे गृहस्थ पुढं भारतमंत्रीही होते. त्याआधी वसाहतींचा कारभार त्यांच्याकडं असताना दक्षिण आफ्रिकेत हिऱ्यांची खाण लागली, तिथल्या वस्तीचं डच नाव साहेबाला लिहिता येईना की उच्चारता येईना, म्हणून १८७३ साली वस्तीलाच साहेबाचं नाव देऊन प्रश्न मिटवला. बोअर युद्धात १८९९च्या ऑक्टोबरपासून पुढच्या फेब्रुवारीपर्यंत त्या गावाला वेढा पडला, सुटकेच्या बातमीनं इंग्लंडात पेढे वाटावेत असा आनंद झाला आणि त्या भरात काही मुलग्यांची नावं किंबर्ली ठेवली गेली. आणि १९६६-६७ मध्ये हेच अमेरिकेत मुलींचं दुसऱ्या क्रमांकाचं नाव. बाईचं रान, रानाचं गाव, गावाचा साहेब, साहेबाची खाण, खाणीची लढाई, लढाईचा मुलगा, आणि शेवटी पुन्हा मुलगी. किनेबर्गबाईंना आपलं नाव परत मिळालं, तेही ओळखू येणार नाही इतकं झिजून.

पण हे सगळं झालं अर्थाचं. नाव खपतं ते आवाजावर. इंग्रजीत मोली, पोली, एमिली, लिली, शेवटी ‘ली’ आली की लाडाचं, लहान, बायकी असं कानाला आपोआप वाटतं. आपल्याकडं वेगळं काय आहे? सोनाली, वैशाली, रूपाली, चमेली. म्हणूनच ‘ली’वाली आडनावं मुलींकडं इतक्या सहज सरकली आणि ‘-टन’, ‘-फर्ड’वाली बराच काळ उंबऱ्यावर उभी राहिली. मॅडिसनला ‘मॅडी’ ही पळवाट होती म्हणून ती चालली. तेव्हा असं नाव ठेवायच्या विचारात कुणी असेल तर पहिली गोष्ट बघावी ती ही, की घरात हाक मारायला काय उरतं. हाक पूर्ण नावानं कुणी मारत नाही. मराठी आजी तर नाहीच नाही. ती शर्लीची शरू करेल, अ‍ॅश्लीची आशू करेल, किंबर्लीची किमी. हार्परचं काय करणार? ‘हारू’ म्हणजे सकाळ-संध्याकाळ पराभवाची आठवण, आणि जरा घाईत उच्चारलं की ‘हरपली’.

न्यू जर्सीत किंवा लंडनमध्ये ज्या घरात एक पाय मराठी आहे तिथं या नावांची परीक्षा आणखी कठीण होते. आडनाव पहिल्या जागी ठेवलं की शेवटच्या जागी दुसरं आडनाव येतं, आणि दोन आखूड आडनावं शेजारी आली की माणूस वाटत नाही, वकिलांची पेढी वाटते. हॅडली पार्कर. याला उतारा म्हणजे लांब आडनाव. हेली कुलकर्णी, हेली करंदीकर हे चालीत बसतं, कारण दोन अक्षरांवर जोर देऊन पुढं लांब उतार मिळतो. हेली लेले म्हणून बघा, जीभ ‘ली’ आणि ‘ले’च्या मध्ये अडकते. अर्थही एकमेकांवर आपटतात. टेलर शिंपी, हेली गवते. इंग्रजाला हे कळणार नाही, पण लग्नपत्रिका वाचणाऱ्या मामांना नक्की कळेल आणि ते गप्प बसणार नाहीत. तिसरी गोष्ट, नाव मराठी कानात कशावर जाऊन आदळतं ते. हेली म्हटलं की जुन्या माणसाला हेला आठवतो, म्हणजे रेडा. मॅडिसनमधलं ‘मॅड’ शाळेतली पोरं पहिल्या दिवशी काढतील. आणि पेज हे तिकडं चांगलं प्रतिष्ठित नाव आहे, उमरावाकडचा हुजऱ्या पोऱ्या असा त्याचा अर्थ. कोकणातल्या घरात मात्र ‘पेज जेवली का?’ या प्रश्नाला दोन उत्तरं आहेत, आणि एकात मीठ आणि तुपाची धार आहे.

स्पेलिंगचा घोळ निराळा. एकट्या हेलीची इंग्रजीत निदान सात रूपं वापरात आहेत: कुठं ‘ए-वाय’, कुठं ‘ए-आय’, शेवटी ‘ई-वाय’, ‘डबल ई’ किंवा ती लांबलचक ‘एल-ई-आय-जी-एच’. अमेरिकी सरकारच्या यादीत प्रत्येक स्पेलिंग वेगळं नाव म्हणून मोजतात, आणि एका वर्षात पाचपेक्षा कमी बाळांना दिलेलं नाव यादीत येतच नाही. त्यामुळं यादीत खाली दिसतंय म्हणून ‘वेगळं’ नाव निवडावं, आणि बालवाडीत गेल्यावर कळावं की वर्गात तीन हेली आहेत, तिघींची अक्षरं निराळी, हाक एकच. खरी संख्या हवी असेल तर सगळी रूपं शोधून बेरीज करायला हवी, ती कुणी करत नाही. शिवाय हौसेनं निवडलेलं स्पेलिंग त्या मुलीला जन्मभर फोनवर अक्षर-अक्षर सांगत बसावं लागतं. देवनागरीनं यावर सोपा उपाय केलाय. सात हेल्या, एकच काना-मात्रा. लिहिली की संपलं.

हेलीवरून सांगायचं राहिलंय ते खरं तर आधी सांगायला हवं होतं. हे मुलीचं नाव म्हणून रूढ झालं ते हेली मिल्स या इंग्रज बालनटीमुळं, १९६०च्या आसपास. आणि तिला ते आलं आईकडून. आई नाटककार, मेरी हेली बेल. आईच्या नावातला मधला तुकडा लेकीचं पहिलं नाव झाला. अमेरिकेच्या दक्षिणेकडच्या राज्यांत ही जुनी रीतच आहे, आईचं माहेरचं आडनाव मुलाला, आणि मुलीलाही, पहिलं नाव म्हणून द्यायचं. लग्नात बाईचं आडनाव जातं, ते बारशाच्या दारानं परत आणायचं. २०२३च्या पहिल्या महिला प्रीमियर लीगमध्ये मुंबईकडून खेळून स्पर्धेतली सर्वोत्तम ठरलेली हेली मॅथ्यूज बार्बाडोसची. तिचं नाव ब्रेबॉर्न आणि डी. वाय. पाटील मैदानांवरच्या गर्दीनं घसा फोडून घेतलं तेव्हा त्यामागं कुणाचं माहेर आहे, गवताचं कुरण आहे, हे कुणाला ठाऊक असायचं कारण नाही.

आपल्याकडं याच्या बरोबर उलटं चित्र आहे. ताटात तांदूळ पसरलेले, नवरा सोन्याच्या अंगठीनं त्यात बायकोचं नवं नाव लिहितोय, भोवती सगळ्या वाकून बघतायत. तांदळात उमटलेली ती अक्षरं सुरेख दिसतात. थोड्या वेळानं कुणीतरी ताट हलवतं, तांदूळ डब्यात परत जातात, नाव कागदावर चढतं. पहिलं नाव कधी जायचं, कधी राहायचं. बापाचं आणि आडनाव हमखास जायचं. आता हे कमी झालंय, पण ताट गेलेलं नाही. १ मे २०२४ला किंवा त्यानंतर जन्मलेल्या मुलांच्या कागदांवर महाराष्ट्रात आधी मुलाचं नाव, मग आईचं, मग वडिलांचं, मग आडनाव अशी रांग लागते. आईचं नाव आलं, पण आईचं आडनाव अजून त्या तांदळाच्या डब्यातच आहे. त्या दृष्टीनं पाहिलं की एखाद्या बाईनं मुलीचं नाव हॅडली ठेवलं, कारण तिच्या आईचं माहेर हॅडली होतं, तर मला ते हसण्यासारखं वाटत नाही. ‘करंदीकर देशपांडे’ अशी मुलगी आपल्याकडं होऊ शकत नाही ही भाषेची अडचण आहे, पण फक्त भाषेचीच आहे असं म्हणवत नाही.

हार्परबद्दल फार लिहावंसं वाटत नाही. ते अजून ताज्या खळीत आहे. एवढंच, की ज्या लेखिकेमुळं ते नाव लोकांच्या तोंडी बसलं त्या हार्पर ली बाईंचं पहिलं नाव नेल होतं, आजीच्या एलन या नावाची अक्षरं उलटी करून ठेवलेलं. लोक ‘नेली’ वाचतील या धास्तीनं त्यांनी ते पुस्तकावरून काढून टाकलं आणि मधलं आडनावासारखं नाव पुढं केलं. २०११ मध्ये बेकहॅम दांपत्यानं मुलीचं नाव हार्पर ठेवलं, २०१५ साली ते अमेरिकेत पहिल्या दहांत होतं.

या सगळ्या रांगेत एकच नाव असं आहे जे मराठी घरात बिनबोभाट खपावं, आणि ते नेमकं चुकीच्या ‘ली’चं आहे. पेझली. ग्लासगोजवळचं हे स्कॉटिश गाव. नावात कुरण नाही, चर्चसाठी वापरल्या जाणाऱ्या जुन्या ‘बॅसिलिका’ शब्दाचं ते झिजलेलं रूप. एकोणिसाव्या शतकाच्या सुरुवातीपासून तिथले विणकर काश्मिरी शालींच्या नकला मागावर काढत, खऱ्या शालीच्या किमतीच्या कितीतरी कमीत. १८७०च्या सुमारास बायकांच्या झग्यांना मागं फुगवटा आला, खांद्यावरून घोळणारी शाल त्यावर नीट बसेना आणि धंदा बुडाला, पण तोवर शालीवरच्या नक्षीला गावाचं नाव चिकटलं होतं. जगभर पेझली म्हणतात ती नक्षी म्हणजे आपली कोयरी. आंब्याच्या कोयीसारखी, टोकाला मान वळवलेली. पैठणीच्या पदरावर असते, मेंदी काढणारी तळहाताच्या मधोमध तीच आधी काढते, आणि चैत्रातल्या हळदीकुंकवाला तबकात ठेवतात तो चांदीचा दोन वाट्यांचा करंडाही कोयरीच. गेल्या वीसेक वर्षांत पेझली हे तिकडं मुलींचं चांगलंच चलनी नाव झालंय. कोयरी अशी हाक इथल्या कुठल्याही वाड्यात खपून जाईल. आजी विचारणारही नाही, की हे कसलं नाव.

आणि ती जलपरी? ती न्यूयॉर्कऐवजी गिरगाव चौपाटीवर वर आली असती तर वाळू तुडवत, भेळेच्या गाड्यांमधून वाट काढत, रुळांवरच्या पुलाशी पोचली असती. तिथं पाटी आहे चर्नी रोड. चर्नी म्हणजे चरणी, चराईची जागा. इंग्रजांनी चराईवर पट्टी बसवली तेव्हा जमशेटजी जीजीभॉय यांनी २०,००० रुपये घालून ठाकुरद्वारच्या बाजूला गवताळ जमीन घेतली आणि गोरगरिबांच्या गुरांना मोकळी सोडली, त्यावरून हे नाव पडलं असं सांगतात. गुरांचं कुरण. अक्षरं दोन, शेवटी ई, जोर पहिल्यावर. ‘अगं, हे काही नाव नव्हे,’ असं तो म्हणेपर्यंत तिनं ते ओठांत दोनदा घोळवून बघितलं असतं.